कापायला ठेवलेला कुत्रा

त्या शुक्रवारी बानूने सांदणं जरा जास्तच लावली. रात्री भिजवलेला तांदळाचा रवा सकाळपर्यंत फुगून पातेल्याच्या काठाला आला होता, आणि मोदकपात्राच्या झाकणाखालून गोडूस वाफ स्वयंपाकघरभर फिरत होती. घरात बोलणी व्हायची असली की आधी पोटं भरावीत, ही तिच्या सासूची शिकवण. उपाशी माणूस खरं बोलतो, आणि खऱ्याने घरं मोडतात.

थोरल्या दिराची मुलगी नाझिश विळीवर बसून नारळ खवत होती. तीन महिन्यांपूर्वी ताश्कंदहून बहरीनला आली तेव्हा तिला विळीवर धड बसताही येत नव्हतं. आता नारळ हातात फिरवता फिरवता ती गुणगुणत होती. बानूने कान दिला. ओवी बानूच्या सासूची, दाभोळची. सासूला जाऊन सतरा वर्षं झाली होती, आणि या पोरीने तिला कधी पाहिलंही नव्हतं.

*खाडीच्या मुखाशी गं गलबत डोलं डोलं*
*परतीच्या वाऱ्याला गं लेकाचं नाव बोलं*

"कोणी शिकवली गं?"

"पापा. मी लहान. झोपत नाही, तेव्हा."

बानूने मोदकपात्राचं झाकण उचलून पाहिलं. तिला आज भावाचं बघायचं होतं. उस्मान सलमाबादच्या गॅरेजमध्ये सुपरवायझर. बायको सायरा वारल्यापासून कंपनीच्या खोलीत राहायचा, हॉटेलातली डाळ खायचा, आणि शुक्रवारी बहिणीकडे आला की जेवताना मान वर करायचा नाही. माणूस वाईट नव्हता. बायको हवी होती त्याला, आणि या पोरीला इथे राहायला विजा हवा होता.

"उस्मानला वाढशील तेव्हा त्याला अका-बिका म्हणू नको."

"अका म्हणजे मोठा भाऊ, चाची. आमच्यात रिस्पेक्ट."

"तेच तर. भाऊ कशाला करतेस त्याला?"

ओट्याशी काकडी चिरणाऱ्या आतिकाने सुरी आपटली. "मम्मी, शी इज अ नर्स. हॉस्पिटलातली जेनिस आंटी म्हणाली ना, इथली परीक्षा पास झाली की हॉस्पिटल तिला विजा देईल. सहा महिन्यांचा तर प्रश्न आहे."

"आणि ते सहा महिने तिला कोण ठेवणार? तुझी जेनिस आंटी?"

"आपण!"

"तू काकडी चीर," बानू म्हणाली.

*

दिवाणखान्यात एसीचं पाणी बादलीत टिपकत होतं. जुम्याची नमाज आटोपून तिघे पुरुष परतले होते. बानूच्या नवऱ्याने, फारुखने, डोक्यावरची टोपी गुडघ्यावर घडी करून ठेवली होती. उस्मान दाराजवळच्या खुर्चीत पाहुण्यासारखा बसला होता. फारुखचा थोरला भाऊ, नाझिशचा बाप खिजर खिडकीशी. घरात सगळ्यांत मोठा तो, आणि या घरात त्याचं म्हणून काही नव्हतं, एक सुटकेस सोडली तर.

बोलायचं म्हणून उस्मानने विचारलं, "भाईजान, तुमच्या सिनेमात गाणी असायची का वो?"

खिजरला हा माणूस आवडायला लागला होता. त्यामुळे पंचाईत होत होती.

"एकात होतं. आईची ओवी घातली होती मी, एका उझबेक म्हातारीच्या तोंडी. मॉस्कोहून साहेब आले, म्हणाले, वा, काय अस्सल उझबेक लोकगीत!"

उस्मान हसला. फारुख हसला नाही. खिजर त्याच्यासाठीच बोलत होता. बासष्ट साली तो इंजिनियर व्हायला मॉस्कोला गेला, आणि दुसऱ्याच वर्षी इंजिनं सोडून पटकथा शिकायला बसला. मग ताश्कंदचा स्टुडिओ, बायको गालिना, नाझिश. इंडियाचा पासपोर्ट परत करून तिथला लाल पासपोर्ट घेतला. ज्या देशाचा तो पासपोर्ट, तो देशच एके दिवशी नकाशावरून उठून गेला.

"आमच्याकडे लिहिलेलं आधी समितीपुढे जायचं," तो म्हणाला. "लांब टेबल, चहा, आणि नऊ जण पेन्सिली घेऊन. प्रत्येकाला काहीतरी कापायलाच लागायचं. नाही कापलं तर तो झोपला होता असं वरचे म्हणणार. मग आमी काय करायचो? त्यांना कापायला काहीतरी द्यायचो. मी एक कापूस वेचणाऱ्या बायकांची गोष्ट लिहिली. शेवटी म्हातारी म्हणते, कापूस किती पांढरा ते सगळे बघतात, बोटं का लाल ते कोणी विचारत नाही. हे वाक्य मला वाचवायचं होतं. तर मी काय केलं, जिल्ह्याचा सेक्रेटरी भाषण करतो त्या प्रसंगात एक पांढरा कुत्रा सोडला. स्टेजवरून इकडून तिकडे."

"कुत्रा?"

"सबाका. रशियनमध्ये सबाका. धंद्यात सगळ्यांना ठाऊक होती ही युक्ती. अख्खी दुपार समिती कुत्र्यावर भुंकली. कुत्रा कशाला? कुत्र्याचा अर्थ काय? काढा सबाका! मी भांडलो. रडलो."

"कुत्र्यासाठी रडलात तुमी?" फारुखने पहिल्यांदा तोंड उघडलं.

"रडायलाच लागतं. नाहीतर त्यांना कळतं. शेवटी जड मनाने मी कुत्रा काढला, ते खूश झाले, आणि म्हातारी त्यांच्या नाकाखालून निघून गेली. थिएटरात बायका डोक्यावरचा रुमाल तोंडात धरून रडल्या, फारुख."

फारुख भावाच्या तोंडाकडे बघत राहिला. "आणि मग?"

"मग देश गेला. समिती गेली. एक निर्माता आला, चामडी जाकीट, कापसाचाच व्यापारी. मी सवयीने कुत्रा घातला होता. तो म्हणाला, कुत्रा फारच छान, पोस्टरवर घेऊ. म्हातारी कोण ही? काढा." खिजरने हात झटकले. "कुत्रा राहिला, म्हातारी गेली. ही युक्ती चालायला समोरच्याला थोडी तरी लाज लागते. तिथे लाजच संपली होती. त्यानंतर मी च्युइंगगमच्या जाहिराती लिहिल्या, आणि मग त्याही नाही."

"जेवायला या," आतून बानूची हाक आली.

*

जेवायला अंथरलेल्या दस्तरखानावर सांदणं, मटण, हमूर माशाचं तिखलं. खिजर आपल्या घासाकडे बघत होता, आणि मनात प्रसंग पुन्हा एकदा चालवून पाहत होता. नाझिशला सहा महिने मिळाले पाहिजेत. बाकी काही नको. परीक्षा, हॉस्पिटल, स्वतःचा पगार, आणि मग लग्न करायचं की नाही, कोणाशी, हे तिचं ती बघेल. पण सहा महिने नुसते मागितले तर बानू ते कापणार. तिला काहीतरी मोठं द्यायला हवं होतं, ज्यावर सगळे तुटून पडतील.

ती युक्ती कधी चालत नाही, हे थोड्या वेळापूर्वी त्याने स्वतःच सांगितलं होतं. पण हे तर आपलं घर. इथे लाज असणारच.

"मी ठरवलंय," तो म्हणाला. "गुरुवारी विजा संपतो. मी परत जातो. एकटा."

उस्मानचा हात थांबला.

"नाझिश इथे राहील. तुमच्या पदरात टाकून जातो. सहा महिने फक्त, परीक्षेपुरते. लग्नाची बोलणी तोवर बाजूला ठेवा. माझं काय, मी तिथे कुठेतरी पडून राहीन. हिवाळ्यात गॅस नसतो, पण सवय आहे." आवाज हलायला हवा तिथे हलला. डोळ्यांत पाणी यायला हवं तेव्हा आलं.

आता फारुख घास खाली ठेवेल. भाई, खुळावलात काय? असं म्हणेल. बानू म्हणेल, लोक काय म्हणतील, थोरल्या भावाला हाकललं? तो हट्ट धरेल, ते समजूत घालतील. शेवटी जड मनाने तो जाणं रद्द करेल, आणि सहा महिने त्यांच्या नाकाखालून निघून जातील.

*

फारुखला कुत्रा लगेच दिसला.

पांढराशुभ्र, दस्तरखानावर मधोमध उभा. भावाचा थरथरणारा आवाज, डोळ्यांच्या कडेला साचलेलं पाणी. हे सगळं त्याने एकदा ऐकलेलं होतं, आताच, खिडकीशी.

आणि त्याच्या स्वतःच्या जिभेखाली एक गोष्ट होती. सकाळी तो अरबाबकडे गेला होता; ज्या बहरीनी मालकाच्या नावावर त्याचं मनामातलं कापडाचं दुकान चालतं, त्याच्याकडे. तासभर गावा, म्हणजे अरबी कॉफी, पीत बसला, मान खाली घालून मागितलं. म्हातारा शेवटी म्हणाला, खलास, ठरलं, फारुख, तुझा भाऊ तो माझा भाऊ. दोघांना विजा, सहा महिने. यल्ला, घरी जा. फारुखने ही बातमी जेवणानंतरच्या गोडासारखी जपून ठेवली होती. बानूलाही सांगितली नव्हती. सांदणं झाली की सांगू. भाईचं तोंड बघू.

आता तो भाईचं तोंड बघत होता, आणि त्याला आई दिसत होती. अठ्ठ्याहत्तर सालचा मे महिना. ती खिजरची वाट बघत दाराकडे तोंड करून पडली होती. ताश्कंदहून तार आली: चित्रीकरण सुरू आहे, येणं अशक्य, मन तुझ्यापाशी. आईला ती तार फारुखने वाचून दाखवली होती. आई म्हणाली, किती चांगलं लिहितो. त्या रात्री गेली.

चांगलंच लिहितो तो. आईला लिहिलं, उझबेक बायकांना लिहिलं, आज आपल्याला लिहून आणलंय. मी रागवायचं, बानूने लोकांचं नाव घ्यायचं, सगळ्यांची वाक्यं ठरलेली. नुसतं तोंड उघडून, फारुख, पोरीला वाचव, एवढं म्हणाला असता तर? पण म्हणाला नाही. आम्हालाही पेन्सिली देऊन टेबलाशी बसवलं.

"ठीक आहे, भाई," फारुख म्हणाला. "तुमी म्हणता तसं."

एसीचं पाणी बादलीत टिपकलं.

"जातो म्हणालो मी," खिजर म्हणाला, जणू फारुखला नीट ऐकू आलं नसेल.

"ऐकलं. तुमची मर्जी. थोरल्याच्या शब्दापुढे मी काय बोलणार? तिकीट शारजावरून बघतो. तिथून ताश्कंदची विमानं जातात, गाठोडी घेऊन येणारे व्यापारी असतात त्यांत."

बानूने नवऱ्याकडे पाहिलं. काहीतरी भलतंच घडलंय एवढं तिला कळलं, काय ते कळलं नाही. पण दार उघडं दिसलं आणि ती आत शिरली. "मग भाईजान, तुमी जाणार म्हणता, तर बिनलग्नाची पोर मी कशी ठेवू? बाप इथे असता तर गोष्ट वेगळी होती. सहा महिन्यांचं आता काय काढता? बुधवारी निकाह उरकू. तुमच्या हजेरीत. तुमी सुखाने जा."

"सहा महिने तर..." खिजर म्हणाला.

"सहा महिने कशाला?" फारुख म्हणाला. "ते राहू द्या."

"डॅडी, धिस इज नॉट फेअर!" आतिका दारातून ओरडली.

"आत जा, आतिका."

"नाझिशला कोणी विचारलंय का?"

"तेच मी म्हणतो," उस्मान ताटाकडे बघत पुटपुटला. "घाई नको. आधी तिला विचारा, आपा. जबरदस्तीची भाकर मला नाय जायची."

मग सगळ्यांनी दाराकडे पाहिलं. नाझिश मटणाचं वाडगं घेऊन उभी होती.

*

ती मघापासून तिथे होती. पापा "एकटा" म्हणाला तेव्हा तिला हसू दाबावं लागलं होतं. ताश्कंदच्या घरात हा खेळ रोजचा. आईकडे घोडा मागायचा, आईने कपाळाला हात लावला की पापाने म्हणायचं, बरं बाई, घोडा नको, आइस्क्रीम तरी दे. आईला सगळं कळायचं, आणि आई आइस्क्रीम द्यायची. आई गेली त्या हिवाळ्यात हॉस्पिटलमध्ये औषध नव्हतं तेव्हाही पापाने डॉक्टरकडे आधी अशक्य काहीतरी मागितलं होतं. डॉक्टर नुसता थकून बघत राहिला होता.

चाचा "ठीक आहे" म्हणाले. ती थांबली. बुधवार आला, निकाह आला. ती पापाकडे बघत राहिली. पापाचं तोंड अर्धवट उघडं होतं. तिला वाटलं, अजून संपलेलं नाही. पापा कधी एकाच कुत्र्यावर थांबत नाही. त्याच्या बाहीत अजून एक प्रसंग असणार. आता मी रडले, नाही म्हटलं, तर त्याचा डाव मोडेल. पटकथेत एक माणूस चुकला की सगळं पडतं, तोच सांगायचा.

"नाझिश, बाळा," बानूने विचारलं, आणि आवाज खरंच मऊ होता, "उस्मान तुला कबूल आहे?"

ती पापाच्या डोळ्यांत बघत, मी आहे तुझ्याबरोबर, अशा सुरात म्हणाली, "हो."

खिजरने ते ऐकलं. त्यात त्याला मुलीचा विश्वास ऐकू आला नाही. होकार ऐकू आला. या घराला ती कंटाळली असेल, त्याच्या सुटकेसला कंटाळली असेल. उस्मान चांगला माणूस आहे. कदाचित तिलाच हे हवं असेल. आणि तरी त्याने तोंड उघडलं. थांबा, तो म्हणणार होता, मी खोटं बोललो, मला जायचं नाही, मला कुठेच जायला जागा नाही.

पण बानू उठली होती. बानूच्या सासरी, इसाण्यांच्या घरात, सोयरीक ठरली की त्याच बैठकीत साखर. साखर जिभेवर विरली की शब्द मागे घ्यायचा नाही. सासूने तिला हे शिकवलं होतं, आणि खिजरलाही त्याच बाईने वाढवलं होतं. थोरल्यापासून सुरुवात करायची असते. बानूने चिमूटभर साखर घेतली आणि त्याच्या उघड्या तोंडात घातली.

"मुबारक, भाईजान."

तो थुंकू शकला असता. त्याने तोंड मिटलं. साखर विरत गेली.

*

गुरुवारी फारुख दुकान बंद ठेवून गाडी घेऊन निघाला. उस्मानला गॅरेजमध्ये शिफ्ट होती, रजा मिळाली नव्हती. जाताना त्याने सासऱ्याच्या हातात खाऊचा डबा दिला होता आणि काय बोलावं न सुचून गाडीचे टायर तपासले होते. पुढे खिजर बसला, मागे नाझिश, हातावर मेंदी अजून ओल्या विटेसारखी लाल. नाक्यावर पोलिसांनी गाडी थांबवली. दिवसच दंगलींचे होते, खेड्यांकडून जळक्या टायरांचा वास यायचा. कागद बघून त्यांनी सोडलं. मुहर्रकच्या पुलावर दोन्ही बाजूंना पाणी लागलं, ओहोटीचं, चिखल उघडा पडलेला.

मागून नाझिश काहीतरी म्हणाली. रशियनमध्ये, हळू. फारुखला त्या वाक्यातला एकच शब्द कळला: सबाका.

खिजरने खिडकीची काच वर केली. मग तो बोलला, आणि रशियनमध्ये नाही. दाभोळच्या बोलीत बोलला, आई बोलायची तशी, गाडीतल्या दोघांनाही कळेल असं.

"नाय गो. या बारीला कुत्रा नव्हता. मना जायचंच होतं. तुझी आई तिथं मातीत हाय, तिच्यापाशी कोणीतरी नको?"

आवाज हलला नाही. डोळ्यांत पाणीही आलं नाही. फारुखने आयुष्यभर भावाचं लिहिलेलं ऐकलं होतं, पण इतकं साधं कधी ऐकलं नव्हतं. यात कापायला काहीच जागा नव्हती. नाझिशने हुश्श केल्यासारखा श्वास सोडला. तिने विश्वास ठेवला.

अरबाबचं वाक्य फारुखच्या दातांपर्यंत आलं. अजून वेळ होता. निकाह झाला तो झाला, पण भाई तरी राहिला असता. भाई, शुक्रवारी सकाळी मी अरबाबकडे गेलो होतो, एवढंच म्हणायचं होतं. पुढचं आपोआप आलं असतं. पण मग ते शुक्रवारी का नाही सांगितलं, तेही सांगावं लागलं असतं. विमानतळाच्या दाराशी शिपायाने हात हलवला, यल्ला, यल्ला, गाडी पुढे घ्या. फारुख उतरला. त्याने सुटकेस काढून दिली. ती इतकी हलकी होती की हात वर उडाला.

"पोचलात की फोन करा."

"इंशाल्ला," खिजर म्हणाला. त्याने नाझिशचं कपाळ चुंबलं, भावाच्या खांद्यावर हात ठेवला, आणि गाठोडी ओढणाऱ्या बायकांच्या रांगेत जाऊन उभा राहिला. मागे वळून पाहिलं नाही.

परतताना पुढची जागा रिकामी होती.

"पुढे येऊन बस," फारुख म्हणाला.

"नको, चाचा."

पूल गेला. सलमाबादचा फाटा यायला अवकाश होता. ती गुणगुणतेय असं त्याला वाटलं, पण ती बोलायची तयारी करत होती, एकेक मराठी शब्द गोळा करत.

"चाचा, पापा जातो म्हणाला. तुम्ही हो का म्हणालात?"

"त्याने मागितलं म्हणून," फारुख म्हणाला. "थोरला भाऊ. मागितलं ते दिलं."

आरशात तिने त्याच्याकडे पाहिलं.

"सहा महिनेपण मागितले होते," ती म्हणाली.